शेवटचे प्रकरण दुसऱ्या कोणी लिहू नये

मी, सायमी एलिना वाटानेन, दिवंगत शाळामास्तर उर्हो वाटानेन यांची पत्नी, व्यवसाय कादंबरीलेखन, राहणार होन्कालाह्ती, तळ्याकाठचे पिवळे घर, हे मृत्युपत्र स्वखुशीने व पूर्ण शुद्धीवर असताना स्वतःच्या हाताने लिहीत आहे. माझ्या शुद्धीबद्दल कोणाला शंका आल्यास गावच्या डॉक्टरांना विचारू नये. ते माझा भाचा रायमो याच्याबरोबर मासे धरायला जातात.

१. माझ्या पुस्तकांचे जे पैसे येतात ते गावच्या वाचनालयाला द्यावेत. त्यातून पुस्तकेच घ्यावीत. मागे देणगी दिली तेव्हा खिडक्यांना पडदे आले होते.

२. माझे टंकयंत्र गावातल्या एखाद्या लिहिणाऱ्या मुलीला द्यावे. तिला नवरा असल्यास त्याने त्या यंत्राला हात लावू नये.

ही अट का, तेही लिहून ठेवते. पहिली कादंबरी मी गोठ्यातली कामे आटपून लिहिली आणि स्वल्पविराम तपासायला उर्होकडे दिली. त्याने ती तपासली आणि परस्पर हेलसिंकीला प्रकाशकाकडे धाडली. छापून आल्यावर पाहते तर माझी नायिका हिल्या तळ्यात बुडून मेलेली! मी तिला होडीत बसवून पलीकडच्या काठाला सुखरूप पोचवले होते.

"अगं, शेवटी कुणी मेल्याशिवाय पुस्तकाला वजन येत नाही," उर्हो म्हणाला.

समीक्षकांनी नेमकी त्या शेवटाचीच वाहवा केली. सत्काराला मी गेले, फुले घेतली, आणि घरी येऊन हिल्यासाठी रडले. पुढची सगळी पुस्तके मी कुलपात ठेवून लिहिली. उर्हो गेला, पण कुलूप तसेच आहे, कारण उर्हो काही जगात एकच नव्हता.

३. रायमोला उर्होची मासे धरायची जाळी द्यावीत. दुसरे काही देऊ नये.

गेल्या उन्हाळ्यात, योहानच्या सणाला, तो हेलसिंकीहून प्रकाशकाच्या माणसाला घेऊन आला. तळ्याकाठी सणाची होळी पेटायच्या आधी रायमोने माझा किनारा पावलांनी मोजून घेतला. मग कॉफी पिताना म्हणाला, "आत्या, समज, तू आता लिहितेयस ते पुस्तक अर्धवट राहिलं, तर?"

"मी अजून मेले नाहीये. कॉफी पी."

प्रकाशकाचा माणूस गोड हसला. "काळजी करू नका बाई. आमच्याकडे एक तरुण लेखक आहे, तुमची शैली त्याला हुबेहूब जमते. शेवटचं प्रकरण तो सहज लिहील."

त्या दिवसापासून मला झोप लागत नाही.

४. तळ्याकाठचे घर, किनारा, सॉना हे वाफेचे न्हाणीघर आणि घरातले सर्व कागद एकाच व्यक्तीला जावेत. घर ज्याच्या हाती, माझी अर्धी कादंबरी त्याच्या हाती. त्या व्यक्तीने ती सॉनाच्या चुलीत जाळावी.

ती व्यक्ती कोण, इथे येऊन मी आज सकाळी अडले.

शेजारीण तुयने हाकुलिनेन दर शनिवारी येते, माझा सॉना तापवते, वाफेत बसून माझी पाठ घासते आणि जाते. काय लिहितेस, असे तिने एकदाही विचारलेले नाही. जी बाई काही विचारत नाही तिला काहीतरी हवे असते, असे मी धरून चालले होते.

आज साक्षीला पोस्टमन एइनो आला. दुसऱ्या साक्षीदार, पाद्रींच्या पत्नी, अजून यायच्या होत्या. तेवढ्यात तुयने वेलदोड्याचा गोड पाव घेऊन आली, तेव्हा मी तिची परीक्षा घ्यायचे ठरवले.

"तुयने, साक्षीदार होशील? पण कायदा ऐकून घे. साक्षीदाराला मृत्युपत्रातून काही मिळत नाही. काही आशा असेल तर आत्ताच सांग."

"आण इकडे. कुठं करायची सही?" तिने हात एप्रनला पुसले. "आणि आटप लवकर, पाव गार होतोय."

पेन कागदाला टेकणार, तोच मी ते हिसकावून घेतले.

"अगं, शाई उडाली सगळीकडे! वेड लागलं का तुला?"

"तू सही करायची नाहीस. घर तुझं आहे."

एइनो खोकला. तुयनेचा चेहरा लाल झाला.

"इतकी वर्षं तुझी पाठ घासली ती काय घरासाठी? आता सगळा गाव तेच म्हणणार! हे काय करून ठेवलंस, सायमी?"

ती दार आपटून गेली. कोट खुंटीवरच राहिला.

तरीही या चौथ्या कलमात लिहिलेले सर्व मी तुयने हाकुलिनेन हिलाच देत आहे. कादंबरी जाळण्याआधी तिला वाचावीशी वाटल्यास तिने वाचावी. शेवट ती बदलणार नाही. येत्या शनिवारी सॉना मी तापवणार आहे. ती आली नाही तरी हे कलम कायम राहील.

होन्कालाह्ती, १२ सप्टेंबर १९७४
सायमी एलिना वाटानेन

आम्ही दोघे एकाच वेळी हजर असताना सायमीबाईंनी वरील सही केली. आम्ही त्यांचे नातेवाईक नाही व आम्हांला यातून काही मिळणार नाही. सही करताना बाई रडत होत्या, पण पूर्ण शुद्धीवर होत्या.

साक्षीदार:
एइनो पार्तानेन, पोस्टमन
हेल्लेवी सूर्सा, पाद्रींच्या पत्नी