भरती पाहून निघणारी जर्मन गाडी

मुक्काम बोर्ली, तालुका श्रीवर्धन
मंगळवार, सकाळ

तीर्थस्वरूप दादांस,
रावजीचा साष्टांग नमस्कार.

पत्राला फार उशीर झाला, त्याबद्दल आधी माफी मागतो. बारसं होऊन पंधरवडा उलटला. मधे दोन-तीनदा लिहायला बसलो, पण "पत्रास कारण की" एवढं लिहून हात थांबायचा, कारण ते कारण तुम्हाला ठाऊक आहे आणि मला लिहायची लाज वाटते. (माझी शाळा सातवीपर्यंत, त्यातही सातवीच्या परीक्षेला मी बसलो नव्हतो, तेव्हा ऱ्हस्वदीर्घाकडे पाहू नका.) फोन का केला नाही असं म्हणाल, तर आम्हा दोघांत फोन एकच, आणि तो तुमच्या बहिणीच्या पिशवीतून किहीमला आला आहे. शेजारच्या विपुलच्या फोनवरून लावून पाहिला. माझा आवाज ऐकला की कोकिळा फोन ठेवते. मग विपुललाच बोलायला लावलं, तर त्याच्याशी छान गप्पा झाल्या, त्याची म्हैस गाभण राहिली का तेही तिने विचारलं. माझं नाव निघालं नाही.

तुमची तब्येत कशी आहे? रक्तदाबाची गोळी जेवणाआधी घेता की नंतर, ते डॉक्टरांना पुन्हा एकदा विचारा, आमच्याकडे एकजण उलटं करत होता. थंडी पडली आहे, पहाटे समुद्रावर फिरायला जाऊ नका, गेलात तर कान बांधा. सुजित ठीक असेल. सूनबाई मृणाल आणि बाळ दोघी सुखरूप असतील. बाळाला वारा लागू देऊ नका. मी हे सगळं काळजीनं लिहितो आहे, विषय टाळायला नाही. (थोडं विषय टाळायलाही आहे.)

कोकिळेनं त्या दिवसाचं तुम्हाला काय सांगितलं असेल ते मला माहीत नाही. बहुतेक काहीच सांगितलं नसेल, आणि ते जास्त वाईट. म्हणून माझ्याकडून सगळं लिहितो.

तुम्हाला माहीतच आहे, दिवेआगरला त्या मुंबईच्या शेटचा बंगला मी बरीच वर्षं राखला. शेट गेल्या वर्षी बंगला विकून निघाले, तेव्हा म्हणाले, रावजी, तुम्ही माझी वस्तू जिवापाड सांभाळलीत, माझी ही जर्मन गाडी तुम्हीच घ्या, नावापुरते पैसे द्या. मी उमेदीत सुपारीचा टेम्पो चालवलेला माणूस. काळी, लांबलचक, नाकाशी चकचकीत जाळी असलेली गाडी पाहून माझी मती फिरली. शेटनं चावी माझ्या हातात ठेवली, आणि स्वतः मिनिडोर रिक्षा पकडून बस गाठायला गेले. जाताना शीळ घालत होते. ज्याची गाडी आहे तो माणूस बसनं जाताना इतका खुशीत कसा, हा प्रश्न मला तेव्हाच पडायला हवा होता. पण मी काचेत माझा चेहरा बघत होतो.

आता तिचे गुण ऐका. पहिल्याच महिन्यात खिळा लागून चाक बसलं. डिकी उघडली, खालचा गालिचा उचलला, तर स्टेपनीच नाही! मला वाटलं शेटनं काढून ठेवली. पंक्चरवाल्या कमलेशनं सांगितलं की या गाडीला कंपनीच स्टेपनी देत नाही, टायरच असा कडक असतो की हवा गेली तरी थोडं अंतर चालतो. चालतो खरा, पण बसणाऱ्याच्या मणक्यातून. हवा भरलेली असतानाही बैलगाडी बरी वाटते. तो टायर मुंबईहून मागवावा लागला, आणि त्याच्या किमतीत माझ्या जुन्या टेम्पोचे चारही टायर येऊन वर एक ट्यूब मिळाली असती. कमलेशनं पंक्चरचे पैसे घेतले नाहीत, नुसते हात जोडले.

मग बॅटरी गेली. इथलीच चांगली बॅटरी आणून बसवली, तर समोरचे सगळे दिवे गणपतीच्या आराशीसारखे लुकलुकायला लागले. पनवेलच्या गॅरेजवाल्यानं फोनवर सांगितलं, काका, नवी बॅटरी बसवली हे गाडीला कॉम्प्युटर लावून कळवावं लागतं. म्हणजे जसं काही घरात सून आणली आणि सासूला विचारलं नाही! तो कॉम्प्युटर पनवेलला, गाडी बोर्लीला. तिथे गेलो तर गार हवेच्या खोलीत बसवून मला कॉफी दिली, "सर" म्हणाले. आयुष्यात मला कुणी सर म्हटलं नव्हतं. बिल पाहिल्यावर कळलं की ते "सर" महाग असतं. वर म्हणाले, इंजिनाखाली तेल झिरपतंय आणि पाण्याचा पंप आता बदलायला हवा, प्लॅस्टिकचा असतो, या गाड्यांत वयोमानाने जातोच. मी म्हटलं, माझ्या विहिरीवरचा पंप माझ्या लग्नाआधीचा आहे, अजून चालतो. त्यावर ते हसले. मी पंप बदलला नाही. दादा, तिथेच चुकलं.

ती गाडी जमिनीपासून चार बोटं वर. रस्त्यातल्या प्रत्येक गतिरोधकाला तिचं पोट घासतं. म्हणून मी कोकिळेला गतिरोधकाआधी उतरवत असे, म्हणजे गाडी जरा हलकी होऊन वर उचलली जाते. ती चालत पलीकडे जायची, पुन्हा बसायची. तिचे गुडघे तुम्हाला माहीत आहेत. सीट इतकी खाली की बसताना विहिरीत उतरल्यासारखं, आणि निघताना विहिरीतून काढल्यासारखं. दर वेळी मी तिचे दोन्ही हात धरून ओढत असे. एकदा ती म्हणाली, "अहो, लोकं गाडीत बसून गावाला जातात, मी गाव चालून गाडीत बसत्ये." मला तेव्हा हसू आलं होतं. आता येत नाही.

आणि किहीमला यायचं म्हणजे दिघीहून जंगलजेटीनं गाडी बोटीवर घालून आगरदांड्याला उतरवायची. बाकीच्यांच्या गाड्या कधीही चढतात. माझी फक्त भरतीला. ओहोटीला बोट खाली जाते, फळी उताराला लागते आणि गाडीचं पोट त्या कोपऱ्यावर टेकतं. तिथी पाहून पाणी कधी भरतं ते मला कळतं. वडिलांनी होडीसाठी शिकवलं, मी जर्मन गाडीसाठी वापरतो. कुठे जायचं म्हटलं की लोक घड्याळ पाहतात, मी पंचांग पाहतो. अष्टमीला पाणी धड भरतच नाही, तेव्हा आम्ही गावाबाहेर जायचं सोडूनच दिलं.

बारशाचा दिवस द्वादशी. भरती सकाळी नऊच्या सुमारास, अगदी सोयीची. सुजितला सख्खी बहीण नाही, म्हणून बाळाच्या कानात नाव सांगायचा मान आपल्या कोकिळेचा, हे तुम्हीच ठरवलंत, आणि तिला किती बरं वाटलं ते मी सांगायला नको. आम्हाला मूलबाळ नाही, तिनं कुणाच्या कानात कधी नाव सांगितलेलं नाही. "प्राप्ती" हे नाव तिच्या नव्या कवळीत अडकायचं, म्हणून आठ दिवस ती भाकऱ्या थापताना, मांजराला हाकलताना, प्राप्ती प्राप्ती असं पुटपुटत होती. आमचं मांजर त्या नावाला ओ द्यायला लागलं होतं. हिरवं लुगडं नेसून, कुंचीचं पुडकं मांडीवर घेऊन ती मागे बसली. मी आरशातून पाहिलं, फार बरी दिसत होती.

दिघीच्या अलीकडच्या चढावर लाल दिवा लागला आणि पुढून वाफ आली. तोच पंप. मी गाडी थांबवली. मागून मिनिडोर येत होती, निम्मी रिकामी. कोकिळा म्हणाली, मी हिच्यात बसून पुढे होते, तुम्ही या मागाहून. मी म्हटलं, पाच मिनिटं थांब, गार झाली की निघू, बारशाला मिनिडोरमधून उतरणं शोभत नाही. मिनिडोर गेली. मग एक टेम्पो आला, तोही थांबला, तेव्हाही मी पाच मिनिटंच म्हटलं. दादा, ती पाच मिनिटं मला रात्रंदिवस ऐकू येतात.

पाणी ओतून ओतून धक्क्यावर पोचलो तोवर ओहोटी लागली होती. शहाण्यानं गाडी तिथेच सोडली असती. मी फळीवर घातली. पुढची चाकं वर गेली, पोट टेकलं, मागची चाकं अधांतरी फिरायला लागली. ना पुढे, ना मागे. मागे बर्फाचा टेम्पो, मासळीच्या गाड्या, सगळे भोंगे वाजवायला लागले. फळीवरचा माणूस वाकून म्हणाला, "आजोबा, गाडी हाय का घोरपड? पोट टेकून बसली." दुसरा म्हणाला, "हिला बोट पन जर्मनीवरनंच मागवा." मी खाली उतरून त्यांना इंजिनाचं समजावत होतो, आणि इकडे कोकिळा आत बसून निघणाऱ्या, नुसती माणसं नेणाऱ्या लाँचकडे बघत होती. शेवटी येसूबाई कोळीण आली, टोपली खाली ठेवली, दार उघडलं आणि म्हणाली, "उतर बाय माझे. नवऱ्याला राहू दे हितंच. भरती आली की येल तरंगत." दोघी-तिघींनी मिळून तिला ओढून काढलं. लुगड्याचा काठ दारात अडकून फाटला. तिनं मागे वळून एवढंच म्हटलं, "तुम्ही बसा तुमच्या जर्मनीत." आणि ती लाँचमध्ये गेली, बोंबलांच्या टोपल्यांमध्ये, कुंचीचं पुडकं छातीशी धरून.

ती पोचली तेव्हा मुहूर्त टळेल म्हणून शेजारच्या श्रद्धानं नाव सांगून टाकलं होतं, घुगऱ्या वाटल्या जात होत्या. श्रद्धाचा दोष नाही, तुमचाही नाही. मी पुढच्या भरतीला, रात्री उशिरा आलो. तुम्ही चहा दिलात, तुमचा तो चांगुलपणा मला जास्त लागला. दुसऱ्या दिवशी सकाळी ती देवपूजेला बसली होती, मला नऊ-पावणेदहाची भरती गाठायची होती, म्हणून तिचा निरोप न घेताच निघालो. भरतीपायी, दादा! माणूस बायकोला सांगितल्याशिवाय निघतो, पाण्याला विचारून निघतो, अशी माझी अवस्था या गाडीनं केली.

आता ती अंगणात उभी आहे. खाली तेलाचा डाग पसरतो आहे. उंदरांनी एक वायर खाल्ली, ती कुठली ते मला माहीत नाही, पण तेव्हापासून पाऊस नसताना काचेवरचे वायपर आपोआप फिरतात. घेणारं कुणी नाही. बघायला सगळे येतात, स्टेपनी विचारतात, आणि पाणी पिऊन जातात.

घरातलं ठीक आहे. मी भात करतो, तो पातेल्याला धरतो. कोकिळेला माझ्याकडून काही सांगू नका, मी रागावलेलो नाही एवढं मात्र सांगा. म्हणजे रागावायचा हक्क मला नाहीच, हेही सांगा.

वहिनींना नमस्कार. बाळाला आशीर्वाद.

तुमचा,
रावजी

ता. क. खरं कारण वर लिहायचं धाडस झालं नाही, ते इथे लिहितो. आपल्यात पूर्वी बारशाला बाळाच्या कानात एक हाक मारायचं नाव सांगत आणि एक राशीचं. त्या दिवशी घाईत हाक मारायचंच सांगितलं गेलं, असं मी निघताना सुजित बोलला. म्हणजे राशीचं नाव अजून कुणी सांगितलेलं नाही. ते कोकिळेला सांगू द्याल का? पाळणा पुन्हा बांधा असं म्हणत नाही. घरातल्या घरात, ओसरीवर, तुम्ही चौघं आणि ती. इथल्या गुरुजींना विचारून आलो, ते म्हणाले शास्त्राची हरकत नाही, घरच्यांची नसली म्हणजे झालं. नाव सोपं निघावं, जोडाक्षर नसावं, एवढीच प्रार्थना. मला बोलावू नका. मला नंतर कळलं तरी पुरे.

ता. क. २. मघाशी लिहिलं मला बोलावू नका, ते खोडलं असं समजा. मी बसनं येईन, मागे उभा राहीन, बोलणार नाही.

ता. क. ३. गाडी सुजितला हवी असेल तर बाळाची भेट म्हणून देतो. किहीमला जेटीची भानगड नाही. त्याला नको असेल तर हा मजकूर त्याला वाचून दाखवू नका.

ता. क. ४. कोकिळा परत यायला नाही म्हणाली तर तसंही कळवा, म्हणजे मी चार दिवस तिकडेच राहायला येतो. पण काय ते लवकर कळवा. काल मन रमेना म्हणून गाडीत जाऊन बसलो, कुठलं बटण दाबलं गेलं कोण जाणे, आतून एक बाई बोलायला लागली. इतक्या दिवसांनी घरात बाईमाणसाचा आवाज आला म्हणून मी बराच वेळ ऐकत बसलो. पण ती इंग्रजीत बोलते, आणि मला एक अक्षर कळत नाही. उत्तर उलट टपाली धाडा.