धूम्रावर्ताचा नकाशा

४ जून २०२५, बुधवार. नांदेड. सकाळी ६
आजपासून 'अष्टधूम्र', खंड दुसरा. रोज पंधराशे शब्द. दिवाळीला पुस्तक बाजारात. मग राहिले फक्त सहा खंड.
पहिला खंड येऊन चौदा महिने झाले. ४१२ पानं, धूम्रावर्तातली आठ राज्यं आणि परीक्षण एकही नाही. पुण्याच्या तीन मासिकांना पाठवला. एकाकडून पोच आली, तीही पोस्टाची. लातूरच्या एका वाचनालयानं तो शेतीच्या कपाटात ठेवलाय, कारण मुखपृष्ठावर बैल आहे म्हणे. बैल नाही तो! धूम्रासुराचं वाहन आहे. तो देवणी जातीचा दिसतो हा चित्रकाराचा दोष.
ठरवलं: पहिलं परीक्षण जो लिहील, त्याची ओळ दुसऱ्या खंडाच्या मागच्या कव्हरवर, लाल अक्षरांत. मग बसा बोंबलत.
आज अर्पणपत्रिका लिहून झाली. पुन्हा थोरल्या भावाला, रामलिंगदादालाच. बाकी शब्द शून्य. पेनात शाई नव्हती. बायकोला, ज्योत्स्नाला, दोनदा सांगून ठेवलं होतं.

७ जून, शनिवार
कॉलेजात स्टॉक तपासणी. फिजिक्सचे सर म्हणाले, लेखक महाशय, एक व्हर्नियर कॅलिपर कमी भरतोय. 'महाशय' मध्ये टोमणा होता. कॅलिपर कुठं आहे ते मला माहीत होतं. सांगितलं नाही. शोधा म्हणावं.
लॅब असिस्टंटच्या नोकरीत प्रतिभेचा असा चुराडा होतो. शब्द: ४०. त्यातले पंचवीस खोडले.

१० जून, मंगळवार
आजचा दिवस सोन्याचा! गावाकडून व्यंकटी आला, माझा चुलत भाऊ. देवणीहून पहाटेची एसटी धरून. अकरा प्रती घेतल्या. अकरा!
म्हणाला, रवीभाऊ, लई भारी पुस्तक हाय, नकाशाच्या पानावर सही करा, आन नकाशा खरा हाय एवढं लिवा. जाणकार वाचक असंच मागतो. त्याला त्या जगावर विश्वास ठेवायचा असतो. मी झोकात लिहिलं, 'या नकाशातली प्रत्येक वाट मी स्वतः चाललो आहे.' खाली तारीख, पूर्ण नाव. त्यानं आधार नंबरही लिहून घेतला. चाहते विचित्र असतात.
तो गेल्यावर ज्योत्स्ना म्हणाली, अहो, भावजींनी नकाशाशिवाय एक पान उलटलं नाही. मत्सर, दुसरं काय. जिल्हा रुग्णालयात दिवसभर सलाइन लावणाऱ्या बाईला साहित्य काय कळणार.
आनंदाच्या भरात लिहिता येत नाही. शब्द: ०.

१४ जून, शनिवार
नकाशाबद्दल एक गोष्ट इथं लिहून ठेवतो, ही वही कोणी वाचत नाही म्हणून. मला चित्र काढता येत नाही. अण्णा, म्हणजे वडील, वारले तेव्हा त्यांच्या ट्रंकेत ग्यानोबा आजोबांचा वाटणीचा कागद सापडला. त्यावर ओढा, सात पायऱ्यांची विहीर, चिंच, बांध, आणि रानाच्या मधून गेलेली गाडीवाट. बटरपेपर ठेवला आणि गिरवला. ओढ्याची झाली विषनदी, विहिरीचं पाताळद्वार, गाडीवाटेची शापित वाट. कोपऱ्यात आजोबांचा अंगठा उठला होता, त्याची धूम्रासुराची मुद्रा केली. फार प्रभावी दिसते.
कागद इथंच कपाटात आहे. परत ठेवायचा राहिला. याला चोरी म्हणत नाहीत, संदर्भसाहित्य म्हणतात.

१७ जून, मंगळवार
संताप, संताप! दादाचा फोन. माझा थोरला भाऊ, गावची शेती तोच बघतो. पहिला खंड त्यालाच अर्पण आहे: 'ज्यानं माझ्यातला लेखक पहिल्यांदा ओळखला.' ओळखला होता तो असा, की हे पोरगं रानात कामाचं न्हाई.
भानगड अशी. व्यंकटीचं रान आमच्या मागं. त्याला जायला आमच्या रानातून गाडीवाट होती. गेल्या वर्षी दादानं ती नांगरून सोयाबीन पेरलं आणि म्हणाला, वाट कधी नव्हतीच. कागद दाखव. कागद ट्रंकेत नाही, म्हणून व्यंकटी गप्प बसला. आता त्यानं तहसीलला अर्ज दिलाय आणि पुरावा म्हणून माझा पहिला खंड जोडलाय, सहीसकट!
दादा ओरडला, तुझ्या त्या भुताटकीच्या पुस्तकानं माझं रान जायलंय, आन तू सह्या वाटायलास! फार लागलं मनाला. भुताटकी? फँटसी आणि भुताटकी यातला फरक सख्ख्या भावाला कळू नये?
ज्योत्स्नानं विचारलं, मग केवळाकाकू रानात जातात कशा? केवळाबाई म्हणजे व्यंकटीची आई, माझी चुलती. सत्तरी ओलांडली. बियाण्याची पिशवी डोक्यावर घेऊन ओढ्यातून जाते म्हणे. मी काय करू? मी कादंबरीकार आहे, तलाठी नाही.

२४ जून, मंगळवार
नोटीस आली. ३ जुलैला सुनावणी. माझ्या नावापुढं काय लिहावं? 'साक्षीदार क्र. ४, नकाशा काढणारा.' लेखक हा शब्द कुठंच नाही. पाठपोट बघितलं.
पण विचार केला आणि रागाचं सोनं करायचं ठरवलं. साक्षीत सांगायचं, नकाशा निव्वळ माझ्या कल्पनेतला आहे. दादाचं रान वाचेल आणि माझी प्रतिभा सरकारदरबारी नोंदली जाईल. एका दगडात दोन पक्षी. कागद कपाटात आहे हे कोणाला माहीत आहे?
आज पंधराशे शब्द पूर्ण! खंडाचे नाहीत, साक्षीच्या भाषणाचे. मध्ये 'प्रतिभा' हा शब्द नऊ वेळा आलाय. दोन ठिकाणी कमी करता येईल.

३ जुलै, गुरुवार. परतीच्या एसटीत
पेनाचं टोक कागदातून आरपार जातंय. रस्त्यामुळं नाही.
आधी दादाचा वकील उठला. आमच्याच बाजूचा! म्हणाला, साहेब, रिकामटेकड्या माणसानं लिहिलेलं पुस्तक, कोणी वाचलेलं नाही, कोणी वाचणार नाही, असल्या कागदाला काय किंमत द्यायची. मागं बाकावरचे लोक हसले. मग दादानं जबाब दिला, ह्यानं जन्मात एक गोष्ट धड खरी सांगितली न्हाई, नकाशा बी मनचाच हाय.
हेच तर मी सांगायला गेलो होतो. शब्द न् शब्द हाच. पण बोलायची पद्धत असते की नाही? माझं डोकं फिरलं. मी उठून ओरडलो, नकाशातली रेघ न् रेघ खरी आहे, आजोबांच्या कागदावरून घेतली आहे, कोपऱ्यात त्यांचा अंगठा आहे, आणि कागद माझ्या नांदेडच्या कपाटात आहे, कधीही मागवा!
व्यंकटीनं हात जोडले. दादा मात्र, जू मानेवर असताना खाली बसलेल्या बैलाकडं बघावं तसं माझ्याकडं बघत राहिला.
भाषण खिशातच राहिलं.

४ जुलै, शुक्रवार
ज्योत्स्ना म्हणाली, आयुष्यात एकदा खरं बोललात, तेही रागाच्या भरात. कागद रजिस्टर पोस्टानं तहसीलला पाठवला. दादानं फोन ब्लॉक केलाय. करू दे! मलाही राग आहे. मीही ब्लॉक केला असता, पण त्याचाच फोन येईल तेव्हा कळायला नको का?

२९ जुलै, मंगळवार. पंचमी
दरवर्षी पंचमीला दादाकडून ज्वारीच्या लाह्या येतात. यंदा नाही. दारापर्यंत तीन वेळा जाऊन आलो. कुरिअरवाला शेजारच्यांकडं आला होता.
संध्याकाळी एसटीच्या पार्सलनं एक पिशवी आली. केवळाकाकूच्या लाह्या. मी म्हणालो, विकला गेलेला साक्षीदार नाही मी, हात लावणार नाही. रात्रीच्या जेवणाआधी लावला.
शब्द: ०. जून-जुलै मिळून १५. पावसाळी हवा गद्याला मानवत नाही.

१२ ऑगस्ट, मंगळवार
निकालाची प्रत आली. व्यंकटीला वाट मिळाली. दुसऱ्या पानावर हे आहे, जसंच्या तसं उतरवतो:
'सदर पुस्तक (एकूण पाने ४१२) अव्वल कारकून यांचेमार्फत पूर्ण वाचून घेण्यात आले. पान ५ वरील नकाशा वगळता उर्वरित मजकुरात तथ्य आढळून येत नाही.'
चार वेळा वाचलं. पूर्ण वाचून घेण्यात आले! म्हणजे या महाराष्ट्रात माझा एक वाचक आहे. लगेच तहसीलला फोन लावला. अव्वल कारकून शिवमूर्ती नावाचे सद्गृहस्थ. विचारलं, कसं वाटलं? म्हणाले, ड्युटी हाय सर, वाचावं लागलं. शेवट कसा वाटला? म्हणाले, शेवट झालता का?
फोन ठेवला. त्यांचा अपमान करण्यासाठी योग्य शब्द शोधत होतो, तेवढ्यात पुन्हा वाजला. दादा. चाळीस दिवसांनी.
म्हणाला, वाट मोकळी केली, दगड रोवले. केवळाकाकू काल गाडीत बसून रानात गेली. आजोबाचा कागद तहसीलातून परत मिळाला की आणून दे, ट्रंकेत ठिवतो. मी म्हणालो, हो. मला वाटलं, आता बोलेल. बोलला. म्हणाला, आन पुढच्या पुस्तकात माझं नाव घालू नको.
दुसऱ्या खंडाची अर्पणपत्रिका खोडली. त्या खंडाचं तेवढंच पान लिहून झालं होतं.