सात नंबरला बांधलेली ढवळी

वरची वाडी, पोलादपूर
माघ महिना, सोमवार (साल २००३, हे श्रुतिकानं सांगितलंन)

जिवाभावाची ठकू हिला शेजारीण विठाचा दंडवत. तू माझ्याहून तीन महिन्यांनी मोठी म्हणून दंडवत, नायतर आशीर्वादच लिहिला असता. तुझा गुडघा कसा हाय? माझा डावा बरा हाय, उजव्याचं विचारू नकोस. माधुरी सूनबाई तुला हे वाचून दाखवेल. तिला सांग, अक्षर हसण्याजोगं असलं तरी माझं मीच लिहिलंय. साक्षरता वर्गात तू पेंगायचीस तेव्हा मी गिरवत होते.

तुझ्या कोंडाजीचं पत्र पोचलं. ढवळी गाय आता तुम्हीच ठेवून घ्या, आई आमच्याकडंच राहील, तिचं वाडीला परत येणं व्हायचं नाय, असं त्यानं लिहिलंन. त्याचं उत्तर देते, पण आधी मी महाडला जाऊन कॉम्प्युटर बघून आले ते ऐक.

आमच्या रावजीची श्रुतिका महाडला कॉम्प्युटरच्या क्लासला जाते. परीक्षेसाठी तिनं आपली वाडीच घेतलीन. दिवाळीत आठ दिवस माझ्याकडं राहून वही घेऊन घरोघर फिरली (आठ दिवस गो, दोघींच्या भाकऱ्या थापल्या, सवय मोडलेली, पहिल्या दिवशी माझ्यापुरतीच थापून बसले). मग परवा म्हणाली, आजी, काय केलंय ते बघायला चल. एसटीनं गेले. क्लासात देवळासारख्या चपला बाहेर काढायच्या, आणि आत हा गारठा. त्या कॉम्प्युटरनं पहिलंच विचारलंन, तू कोण? नाव सांगून भागेना. नाव कुणीही सांगेल, म्हणून वर एक खूणही लागते, तिला पासवर्ड म्हणतात. पन्नास वर्षं वाडीत माझ्या नुसत्या खोकल्यावर लोकांनी दारं उघडली (आता उघडायला कोण हाय म्हणा). श्रुतिका म्हणाली, दुसऱ्या कुणाला ठाऊक नसेल असं काहीतरी घाल. आता माझं असं काय असणार? दात किती उरलेत ते पोस्टमनलासुद्धा ठाऊक. शेवटी आठवलं. आपण दोघी नव्या नवऱ्या असताना पाणवठ्यावर तुझ्या सासूला ठेवलेलं नाव. बटणांवर मराठी अक्षरांच्या चिठ्ठ्या चिकटवल्यात. श्रुतिकाला म्हटलं तोंड तिकडं कर, आणि एकेक बोटानं दाबलं. पडद्यावर अक्षर दिसेना, नुसत्या चांदण्या. तुझ्या सासूच्या चांदण्या झालेल्या बघून मला असं हसू फुटलं की सर उठून आले.

आत तीन कोष्टकं. एक घरांचं, एक माणसांचं, एक जनावरांचं. प्रत्येक घराला नंबर, तुझं सात, माझं आठ. माणसापुढं किंवा जनावरापुढं घरमालकाचं नाव लिहायचं नाय, नुसता घराचा नंबर. त्या नंबरावरून कोष्टकांचं एकमेकांशी नातं जुळतं म्हणे. (मला तुझ्या नणंदेच्या जावेचं नातं सांगायला भात शिजेपर्यंत वेळ लागतो, त्यापेक्षा हे बरं.) माणसांच्या कोष्टकात वाडीत राहतात तेवढीच माणसं. आठ नंबरापुढं मी एकटी निघाले. सात नंबरापुढं कुणीच नाय.

मग सर म्हणाले, बंद घरं काढून टाक. तुळजाबाईचं गेलं, कुशाबाचं गेलं. एक बटण दाबलं की जागा सारवल्यागत साफ. खरं घर पडायलासुद्धा चार पावसाळे लागतात गो. मग तिनं सात नंबरावर बटण दाबलंन आणि कॉम्प्युटर अडला. इंग्रजीत काहीतरी उमटलं.

"काय म्हणतोय?" मी विचारलं.

"म्हणतो, सात नंबरला अजून कुणीतरी बांधलेलं हाय. ते सोडवल्याशिवाय घर काढता यायचं नाय."

"कोण गो?"

"ढवळी."

ठकू, महाडच्या कोर्टातला वकील बोलणार नाय असं ते यंत्र बोललं. मी डोळ्याला पदर लावला. श्रुतिका म्हणाली, तुझ्याच गोठ्यात तर असते, तिला आठ नंबर देते की सात मोकळं झालं, दोन मिनिटांचं काम. मी बटणांवर आडवा हात ठेवला (पडद्यावर एकाच अक्षराची रांग लागली, सर काय बोलले ते लिहीत नाय). तर कोंडाजीला सांग, ढवळीचा चारा, पाणी, धार सगळं मी बघते, पण नंबर तुझाच राहील. मी तिला माझ्या नंबरावर घेणार नाय. दिवस मावळताना ती अजून तुझ्या अंगणात जाऊन उभी राहते. मग मी हाक मारून आणते. हाक मारायला कुणीतरी हाय.

घरात सगळ्यांना माझी आठवण सांग, माधुरीच्या आयुषची दृष्ट काढ. तुझी आठ नंबरवाली, विठा.

ता. क. शिवरात्रीनंतरच्या सोमवारी श्रुतिकाची परीक्षा. बाहेरचे सर येणार, त्यांच्यासमोर मी स्वतः नाव नि खूण घालून आत शिरायचं हाय. आणि तुझ्या सासूचं ते नाव मला काही केल्या आठवेना. पत्रानं कळवू नकोस. खूण कागदावर लिहायची नाय अशी श्रुतिकाची ताकीद हाय, आणि आजेसासूचं तसलं नाव माधुरीच्या हातून कसं लिहून घेशील? तेव्हा तूच ये आणि कानात सांग. रविवारी पोलादपूरला उतर, मी स्टँडवर उभी असते.

आणखी ता. क. माधुरी, एवढं ठकूला वाचून दाखवू नकोस. नाव मला चांगलं पाठ हाय, कालच ढवळीला सांगून हसले. तू फक्त तिला एसटीत बसवून दे.