जाड तार

३ जून १९७३, आकुर्डी
अखेर खोली मिळाली! कंपनीत वायरमन म्हणून लागून आठवडाच झालाय. घरमालकीण शालनबाई एकटीच असते. मुलगा कोंडीराम देहूला. आल्याआल्या तिने पिठलं-भाकरी वाढली, मी तिला मावशी म्हणू लागलो. घर छान थंड आहे. वायरिंग मात्र माझ्याहून म्हातारं: लाकडी पट्ट्या, आत कापड गुंडाळलेल्या तारा. रबर बोटाने चुरतं. रविवारी सगळं बदलून देतो म्हटलं. मावशी हरखली.

१७ जून
दोन रविवार गेले, ओव्हरटाइम होता. हवा दमट झाली की फ्यूज उडतो. स्वयंपाकघराच्या पत्र्याच्या आडभिंतीला कुठेतरी तार टेकत असणार. शोधायला अर्धा दिवस हवा.

२६ जून
तिसरी शिफ्ट. दुपारी पंखा बंद, झोप नाही. आज चिडून फ्यूजमध्ये जाड तार घातली. आता उडणार नाही.
मावशीने विचारलं, "पत्र्याला हात लावला की मुंग्या येत्यात रं, धोका न्हाई ना?"
मी पांघरुणातूनच म्हटलं, "काही नाही मावशी."

२९ जून
मावशी गेली. भांडी घासून उठताना ओला हात पत्र्याला लागला. मी कामावरून आलो तेव्हा दारात माणसं होती.
सगळ्यात आधी मी मीटरजवळच्या फ्यूजपाशी गेलो. जाड तार काढली, बारीक घातली.

३० जून
कोंडीरामला सांगितलं, वायरिंग जुनं होतं. तो म्हणाला, "तुमी हुता म्हणून आईला धीर हुता, भाऊ." माझा हात धरून रडला.
उडणारा फ्यूजच तिला जपत होता. हे मला जाड तार घालतानाही माहीत होतं.

४ जुलै
फ्यूज उघडला. आत जाड तार. काढून टाकली.

५ जुलै
पुन्हा जाड तार. माझ्याच पकडीने पिळलेली — तोच पीळ. दाराला कुलूप होतं.

८ जुलै
लाइनमन खांबावरूनच घराची वीज तोडून गेला. बरं वाटलं.
दुपारी स्वयंपाकघरातला दिवा लागला. भर उन्हात. पत्र्याला टेस्टर लावला — पेटला.

९ जुलै
दिवा विझत नाही. भांडी घासल्याचा आवाज. मी आत जात नाही.

१० जुलै, सकाळ
कोंडीराम हातोडा घेऊन आलाय. पट्ट्या उखडून सगळं नवं करणार म्हणतो. वीज तोडलीय हे त्याला ठाऊक आहे. दिव्याचं ठाऊक नाही. सांगायला हवं. पण दिव्याचं सांगितलं तर तारेचंही —
आधी इथे लिहून काढतो, मग हेच त्याच्या हातात देतो. मी, ज्योतीराम, कबूल करतो की २६ जूनला
हातोड्याचा आवाज स्वयंपाकघरात पोचला. पत्र्याकडे.
उठतो. एवढी ओळ —
हातोडा थांबला.
हाक मारली. ओ नाही. कोंडीरा