आठची मालिका माझीच

३ मार्च १९८६, सोमवार
आजपासून सेटवर ओरडायचं नाही. डॉक्टरांनी ब्लडप्रेशर मोजून तोंड वाकडं केलं. शिवाय चॅनेलचे साहेब, सेन्योर अबीलिओ, म्हणाले की सहाच्या मालिकेला प्रेक्षक वाढले तर आठच्या मालिकेसाठी तुझा विचार करू. विचार कसला करताय? अख्ख्या रिओत आठची मालिका पेलणारा दिग्दर्शक एकच आहे, आणि त्याला हे लोक संध्याकाळी सहाला वाया घालवतात!

संध्याकाळी सहालाच आईकडे गेलो, जेवूनच निघालो. पडद्यावर 'दिग्दर्शक : एवांद्रो साल्गेरो' येतं, तेव्हाच ही नेमकी कॉफी टाकायला उठते. वर्षानुवर्षं! आज विचारलंच. म्हणाली, त्यात बघायचं काय, नाव मीच ठेवलंय.

७ मार्च, शुक्रवार
झुल्मीरा! ही बाई मालिका लिहिते की माझ्यावर सूड उगवते? उद्याच्या सीनचे कागद आज संध्याकाळी. आणि कागदात काय, तर नायिकेचा लिस्बनला गेलेला बाप वारला आणि शवपेटीतून घरी आला. हा बाप आजवर कुणी पाहिलेलासुद्धा नाही! फोन करून शांतपणे समजावलं. माझी असिस्टंट जंदीरा म्हणते, पार्किंगपर्यंत ऐकू येत होतं. आवाजच खणखणीत आहे, त्याला मी काय करू?

८ मार्च, शनिवार
मुडदा म्हणून आणलेला माणूस शिंकला. मग पोट खाजवलं. मग जेवण कधी म्हणून विचारलं. मी ओरडलो नाही, फक्त मेणबत्ती फेकली. तो निघूनच गेला. मग मेलेला माणूस कसा पडतो हे दाखवायला मीच पेटीत आडवा झालो. जंदीरा म्हणाली, सर, असेच राहा, हलू नका, बोलू तर मुळीच नका. आणि कॅमेरा सुरू!

दिवसभराचं काम जेवणाआधी संपलं. असं कधी झालं नव्हतं. ही मी लावलेली शिस्त. युनिटने टाळ्या वाजवल्या. जंदीराकडे बघून वाजवल्या, पण माझ्यासमोर बुजतात बिचारे.

२० मार्च, गुरुवार
सीन काल दाखवला. आज बेकरीवाल्याने मला पाहून छातीवर क्रूस काढला आणि पाव फुकट दिला. म्हणाला, साहेब, काय सुंदर मेलात हो! बायकांचं म्हणे एकमत आहे की इतका समाधानी चेहरा कधी पाहिला नाही. आणि मेणबत्त्यांचा मी लावलेला तो उजेड? त्याबद्दल एक अक्षर नाही. गाढवांपुढे आयुष्य घालवलं मी!

पण प्रेक्षक वाढले. साहेबांनी सोमवारी बोलावलंय. नवा कोट शिवायला टाकला. आईला कळवलं, यापुढे मला आठला बघायचं.

२४ मार्च, सोमवार
आठची मालिका जंदीराला!!!

काल-परवापर्यंत माझा भोंगा उचलून मागे फिरणारी पोरगी! म्हणे त्या दिवशी तिने सेट उत्तम सांभाळला. कुणामुळे? मी पेटीत गप्प पडलो म्हणून! ओरडलो. भरपूर ओरडलो. साहेब म्हणाले, पूर्ण ऐक तरी, तूही आहेस. नायिकेचा दिवंगत नवरा. दिवाणखान्यातला फोटो. रोज दिसशील.

असल्या अपमानाला लाथ मारणार. उद्याच.

२ एप्रिल, बुधवार
फोटो काढला. नव्या कोटात. जंदीरा म्हणाली, सर, राग नको, तुम्ही गेलेले आहात. उजेड नीट लावला होता तिने. मेलीने माझाच उचललाय. ओरडलो नाही.

आईला खरं काय ते सांगितलं. दिग्दर्शन नाही, भिंतीवरचा फोटो आहे. वाटलं, हसेल. हसली नाही. मग म्हणाली, आठला ना? मग कॉफी आधीच करून ठेवीन.

रडू आलं. रागानेच.