आजोबाची दृष्ट

अणदूर, दि. ९ फेब्रुवारी २०२४

चि. राजेश्वरी हिस आप्पाचे अनेक आशीर्वाद. वि. वि.

पत्राला आठ दिवस उशीर झाला, माफ कर. तुझा फोन वाजत होता, पण उचलायचा धीर झाला नाही. तुझ्याकडं फोन सगळ्यांसमोर चालतो आणि हे तुझ्या सासूबाईंच्या, कमलबाईंच्या कानावर जायला नको.

त्या दिवशी धाराशिवला आलो, करिश्माला मांडीवर घेतलं आणि लई गुटगुटीत झाली असं बोलून गेलो. सहा महिन्यांच्या लेकराला असं तोंडावर कुणी म्हणतं का? बोटंसुद्धा मोडली नाहीत. संध्याकाळी तिनं दूध सोडलं. कमलबाईंनी मीठ-मिरच्या उतरून तव्यावर टाकल्या तेव्हा मी बाहेरच्या खोलीत होतो. आल्यागेल्याची, शेजाऱ्यापाजाऱ्याची म्हणताना त्या आजोबाचीही म्हणाल्या. ठसका कुणालाच लागला नाही. म्हणजे दृष्ट होतीच, आणि ती माझी. म्हणून सकाळच्या पहिल्या एसटीनं न सांगता निघालो. मागं शिवलिंगप्पाच्या म्हशीला चांगली म्हटलं, तर तिचंही दूध आटलं.

पोरगी कशी आहे? फोटो मात्र पाठवू नकोस.

तुझा,
आप्पा

धाराशिव, दि. १४ फेब्रुवारी २०२४

ती. आप्पांना शि. सा. न. वि. वि.

करिश्माचा कान दुखत होता. डॉक्टरांनी औषध दिलं, तिसऱ्या दिवशी दूध प्यायला लागली. शिवलिंगप्पांची म्हैस गाभण होती, हे तुम्ही सोडून सगळ्या गावाला ठाऊक होतं. राहिला ठसका. मिरच्या तुम्हीच आणलेल्या ब्याडगी. त्या नुसत्या रंगापुरत्या, तिखट नसतात, ठसका कुठून लागणार? सासूबाई दृष्ट काढताना माझंही नाव घेतात, जवळच्याची आधी लागते म्हणतात. तुम्ही असे गेलात म्हणून पाहुणचारात काय चुकलं, हेच त्या विचारतात. २५ तारखेला, रविवारी या.

तुमची,
राजी

अणदूर, दि. १९ फेब्रुवारी २०२४

चि. राजेश्वरीस आशीर्वाद.

कानाचं वाचून जीव भांड्यात पडला. दुसरा कान दाखवलास ना? तुझं सगळं पटतं, तरी काल शंकरप्पानं नवी सून दाखवायला बोलावलं, तर मी खाली मान घालूनच चहा प्यालो.

रविवारी येतो. पोरीच्या गालाला काजळ जरा ठसठशीत लाव. मी दारातूनही बघेन. पण मांडीवर घेऊ का, हे कमलबाईंना तूच विचार. माझ्या तोंडावर त्या नाही म्हणायच्या नाहीत. काय म्हणाल्या ते खरं लिही आणि रविवारच्या आत कळव, नाहीतर मी स्टँडवरूनच माघारी फिरेन.

तुझा,
आप्पा