ऑक्तावियोची चौकशी

प्रिय सिया,

रविवारच्या मराठी शाळेत गिरवलेली अक्षरं अजून लागत असतील तर हे तूच वाच. फोटो धाडून तुझ्या आईला वाचायला लावू नकोस. सुवर्णा आधी रडते, मग वाचते.

डब्लिनची चांगली नोकरी सोडून तू त्या स्पॅनिश ऑक्तावियोबरोबर माद्रिदला निघालीस. आधी त्याच्या पिक्चरची हिरॉइन होणार, मग बायको. तुझे आईबाप 'केवढा टॅलेंटेड आहे' म्हणून खूश. आमच्यात स्थळ आलं की मुलाच्या गावी जाऊन शेजारणीला विचारायचे. माद्रिदची शेजारीण मी कुठून आणू? म्हणून इथे अमेरिकेत, अ‍ॅशबर्नला बेसमेंटात बसून त्याचे सगळे पिक्चर पाहिले. पडद्यावर खाली येणारं इंग्रजी तुझी आई वाचून सांगायची, निम्मं डोळे पुसत.

आधी तो नुसता नट होता. कुठे वेटर, कुठे दरोडेखोर. एकात तर सुरुवातीलाच मेला, आणि छान मेला. तोवर माझी तक्रार नव्हती. मग म्हणे लिहायला लागला, मग स्वतःच डायरेक्टर झाला, आणि तिथे माझ्या मनात पाल चुकचुकली. पहिल्या पिक्चरात म्हातारी आई भ्रमिष्ट होऊन घर सोडते. सुवर्णाने त्याची मुलाखत शोधून काढली, तर ती त्याचीच आई! दुसऱ्यात भाऊ दारू पितो, तोही घरचाच. तिसऱ्यात बायको नवऱ्याला टाकून जाते. ती त्याची पहिली बायको, हे तुला ठाऊक आहे. बक्षिसं मिळाली, लोकांनी उभं राहून टाळ्या वाजवल्या. त्या भावाला कुणी विचारलं का, बाबा रे, तुला चालेल का?

दिवाळीला तू त्याला घेऊन आलीस. माणूस गोड आहे, नाही कशाला म्हणू? चकली मागून खाल्ली, वाकून नमस्कार केला. तू दुपारी आडवी झालीस आणि हा माझ्यापाशी ओट्याला टेकून उभा. त्याचं इंग्रजी मोडकं, माझं त्याहून मोडकं, त्यामुळे छान जमलं. आजोबा कसे होते, भांडायचात का, रडलात कधी? अगं, जावई चहात साखर आहे का एवढंच विचारतो. हा तर विहिरीत घागर सोडल्यासारखा विचारत होता. मग मीही एक गोष्ट सांगितली आणि बजावलं, ही कुणापाशी बोलायची नाही, सियापाशीसुद्धा. त्याने छातीवर हात ठेवून शब्द दिला.

काल फोनवर तू तुझा रोल सांगत होतीस. बाई नवऱ्याला दुसरीच्या घरून परत आणायला जाते, तिथे दोघी आधी त्याचे कपडे वाळत घालतात आणि मग भांडतात. 'आजी, हे सगळं त्याच्या डोक्यातून आलंय!' नाही गं बाई, ते माझ्या डोक्यातून आलं, चकल्या तळता तळता. तुझे आजोबा कुठले जातात! वाण्याकडे जायलाही त्यांना दोनदा सांगावं लागे. आता तू एवढंच कर. आजीची ती गोष्ट खोटी होती असं त्याला सांग, आणि त्याच्या तोंडाकडे बघ. मान खाली गेली तर खुशाल जा, मी अडवणार नाही. पण 'मग खरं काय झालं होतं?' असं विचारलं, तर बॅग उघड आणि कपडे परत कपाटात लाव.

रागावलीस तरी तुझीच,
आजी